ग्वाकामोलेच्या गावी

मेक्सिको देशाच्या पश्चिम भागात मिचोआकान नावाचे डोंगराळ राज्य आहे. त्यातील उरुआपान हे शहर समुद्रसपाटीपासून सुमारे १६०० मीटर उंचीवर वसले आहे. कुपातित्सिओ नदी या शहराच्या कुशीतच उगम पावते. झऱ्यांचे नितळ पाणी दाट झाडीतून खळाळत वाहते आणि त्याच्या काठाने नागरिक सकाळ-संध्याकाळ फिरतात. येथील भूमी ज्वालामुखींनी घडविलेली आहे. २० फेब्रुवारी १९४३ रोजी शहरापासून जवळच एका शेतकऱ्याच्या मक्याच्या शेतात जमीन दुभंगली आणि पारिकुतीन हा नवा ज्वालामुखी जन्मास आला. त्याच्या लाव्हाखाली गाडल्या गेलेल्या सान हुआन परांगारिकुतिरो गावातील चर्चचा मनोरा काळ्या खडकांतून आजही वर डोकावताना दिसतो. पाण्याचा सहज निचरा होऊ देणारी ही राखमिश्रित जमीन अवोकाडोच्या झाडाला फार मानवते. म्हणूनच उरुआपान स्वतःला ‘अवोकाडोची जागतिक राजधानी’ म्हणवून घेते.

आपल्याकडे कूर्ग, निलगिरी, कोडाईकनाल या भागांत हे फळ ‘बटर फ्रूट’ या नावाने परिचित आहे. मेक्सिकोत मात्र ते रोजच्या जेवणातले. तेथे मुख्य भोजन भर दुपारी होते. त्या वेळी घरोघरी ओट्यावर ‘मोल्काहेते’ येतो. मोल्काहेते म्हणजे तीन पायांचा दगडी खल. तो काळ्या बेसॉल्ट दगडातून कोरतात. ज्या दगडाचा सह्याद्री बनला आणि ज्याचे पाटे-वरवंटे महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या वापरले गेले, त्याच जातीचा हा पाषाण. खलात आधी हिरवी मिरची आणि मीठ वाटले जाते. मग पिकलेल्या अवोकाडोचा गर घालून तो बत्त्याने हलकेच चेचतात. त्याचा गुळगुळीत लगदा करीत नाहीत. गराचे लहान तुकडे दाताखाली यावेत अशी अपेक्षा असते. वर टोमॅटोच्या फोडी, लिंबाचा रस, कोथिंबीर. खल तसाच पानाजवळ ठेवला जातो आणि मक्याच्या गरम टॉर्टियाबरोबर घरची मंडळी त्यातूनच घेतात.

ग्वाकामोले हे नाव नाहुआत्ल भाषेतून आले आहे. ‘आहुआकात्ल’ म्हणजे अवोकाडो आणि ‘मोल्ली’ म्हणजे वाटण किंवा सार. हा पदार्थ स्पॅनिश लोकांच्या आगमनापूर्वीचा आहे. आज त्यात पडणारा बाजारचा कांदा, लसूण, इतकेच काय लिंबू आणि कोथिंबीरसुद्धा स्पॅनिशांबरोबर समुद्र ओलांडून तेथे पोहोचली. अवोकाडो, मिरची, टोमॅटो आणि मीठ एवढाच त्याचा मूळ संसार. अमेरिका-इंग्लंडमध्ये स्थायिक झालेल्या मुलांच्या घरी, किंवा मुंबई-पुण्याच्या लग्नांतील मेक्सिकन काउंटरवर, कांद्याविना ग्वाकामोले मागणाऱ्या जैन पाहुण्याला पुष्कळदा संकोच वाटतो. तो संकोच अनाठायी आहे. कंदमूळ वगळणारे घर या पदार्थाला त्याच्या जुन्या रूपाच्या जवळच नेत असते. कांद्याचा करकरीतपणा हवाच असेल, तर मेक्सिकोच्या काही भागांत ग्वाकामोलेत डाळिंबाचे दाणे घालण्याची रीत आहे. सोलापूर-सांगोल्याच्या डाळिंबांसाठी याहून चांगले निमंत्रण कोणते?

श्रावकाच्या स्वयंपाकघरात हा पदार्थ सहज सामावतो. चौघांसाठी दोन पक्व फळे, एक हिरवी मिरची, एक लहान टोमॅटो, अर्ध्या लिंबाचा रस आणि चवीपुरते मीठ पुरते. अवोकाडो झाडावर पिकत नाही; तोडल्यानंतरच मऊ होतो. कडक फळ केळ्यासोबत कागदी पिशवीत ठेवले तर लवकर पिकते. देठाजवळ अंगठ्याने अलगद दाबल्यावर ते किंचित दबले की समजावे, वेळ झाली. फळात एकच मोठी कोय असते. फळ उभे चिरून, कोय काढून, गर नीट न्याहाळावा. काळे डाग वा किडीने पाडलेली वाट दिसल्यास ते फळ वापरू नये. चिरलेला गर हवेशी संयोग होताच तपकिरी पडू लागतो. लिंबाचा रस ही क्रिया मंदावतो, थांबवीत नाही. आणि वाडग्यात कोय ठेवल्याने सगळा गर हिरवा राहतो हा समजही खरा नाही. तेव्हा हे वाटण साठवणीचे नव्हेच. ऐनवेळी करावे आणि सूर्यास्तापूर्वी संपवावे. चातुर्मासात पालेभाज्यांचा त्याग असणाऱ्यांनी कोथिंबीर वगळावी. पर्वतिथीला हिरवी वनस्पती वर्ज्य करणाऱ्या घरी त्या दिवशी तो होणारच नाही, हेही ओघाने आलेच.

एवढे झाले की वाडगा निर्दोष झाला, असे वाटते. उरुआपानच्या बागा मात्र याहून पुढचा प्रश्न विचारतात.

तेथील बहुतेक बागा ‘हास’ जातीच्या आहेत. कॅलिफोर्नियातील रुडॉल्फ हास या टपाल कर्मचाऱ्याने लावलेल्या बियांतून हे रोप वाढले. १९३५ मध्ये त्याने त्याचे पेटंट घेतले. जाड, खरबरीत सालीचे हे फळ लांबचा प्रवास सोसते आणि म्हणून व्यापाराला सोयीचे ठरले. मिचोआकानमध्ये डोंगरउताराच्या वेगवेगळ्या उंचीवर बागा असल्याने फळ वर्षभर मिळते. लांब काठीला पाते आणि झोळी लावून मजूर एकेक फळ देठासह उतरवतात. पुढे पॅकहाउसमध्ये निवड, प्रतवारी आणि तपासणी होते. कोयीत शिरणाऱ्या किडीच्या भीतीने अमेरिकेने १९१४ साली मेक्सिकोच्या अवोकाडोला बंदी केली होती. १९९७ मध्ये मिचोआकानच्या फळाला काही राज्यांपुरते आणि हिवाळ्यापुरते दार उघडले. २००७ पर्यंत ते सर्व राज्यांत वर्षभरासाठी खुले झाले. या परवानगीसाठी तपासनीस नमुन्याची फळे चिरून आत कीड आहे का हे पाहतात. श्रावक गृहिणी जयणेपोटी जे करते, तेच येथे सरहद्दीच्या नियमापोटी केले जाते. दोघांचीही नजर फळाच्या आत असते.

फळाच्या बाहेर काय घडले, हे पाहण्यासाठी उरुआपानहून उत्तरेकडचा रस्ता धरावा लागतो. वाट चढू लागते, हवा गार होते. हा पुरेपेचा आदिवासींचा पठारी प्रदेश. वाटेत पाराचो गाव लागते. येथील कारागिरांच्या गिटार साऱ्या मेक्सिकोत प्रसिद्ध आहेत. एकेकाळी हे डोंगर पाइन आणि ओकच्या वनांनी झाकलेले होते. आता अनेक उतारांवर अवोकाडोच्या एकसारख्या रांगा दिसतात आणि त्यांच्यामध्ये प्लास्टिकचे अस्तर लावलेली साठवण-तळी. वनजमिनीचा उपयोग बदलण्यासाठी मेक्सिकोच्या कायद्याने सरकारी परवानगी आवश्यक आहे. तरीही कित्येक ठिकाणी ती न घेताच झाडे तोडली गेली, कोठे वणवे लावून जमीन मोकळी करण्यात आली, कोठे बागांनी पाणी ओढल्याने खालच्या गावांचे ओढे रोडावले. नफा वाढला तशा खंडणी उकळणाऱ्या टोळ्याही आल्या. याच राज्याच्या पूर्वेकडील ओयामेल वृक्षांच्या वनांत दर नोव्हेंबरात कॅनडा-अमेरिकेतून मोनार्क फुलपाखरे येतात आणि थंडीत फांद्यांना लाखोंनी बिलगून राहतात. २००८ पासून ही वने जागतिक वारसास्थळ आहेत. त्यांच्या परिसरावरही बेकायदा वृक्षतोडीचे सावट आहे. जैन परंपरेत फुलपाखरू चतुरिंद्रिय जीव मानले आहे.

श्रावकाला वर्ज्य सांगितलेल्या पंधरा कर्मादानांत वनकर्म आहे, दवदान आहे, सरद्रहतडागशोषणही आहे. वन तोडून उपजीविका, आग लावणे आणि जलाशय आटविणे हे तिन्ही व्यवसाय शास्त्रकारांनी स्वतंत्रपणे मोजले. मिचोआकानच्या काही उतारांवर ही तिन्ही कर्मादाने एका फळासाठी एकत्र आलेली दिसतात. वाडग्यातल्या कांद्याची विचारणा करणारा विवेक तेथपर्यंत पोहोचावयास हवा.

पाराचोच्या पुढे चेरान हे पुरेपेचा गाव आहे. तेथे सशस्त्र टोळ्या गावाच्या सामाईक वनातील झाडे ट्रकमागून ट्रक भरून नेत असत. १५ एप्रिल २०११ च्या पहाटे गावातील स्त्रियांनी पुढाकार घेऊन त्यांचे ट्रक अडविले. चर्चच्या घंटा वाजल्या, गाव जमा झाला. त्यानंतर कोपऱ्याकोपऱ्यावर शेकोट्या पेटवून शेजारी-शेजारी रात्रभर पहारा देऊ लागले. त्या शेकोट्यांभोवतीच्या बैठकांतून गावाने राजकीय पक्ष दूर सारले आणि परंपरेनुसार निवडलेल्या मंडळाकडे कारभार सोपविला. न्यायालयानेही हा अधिकार मान्य केला. गावाची स्वतःची रोपवाटिका आहे. उजाड उतारांवर पाइनची रोपे पुन्हा लावली गेली आणि अवोकाडोच्या व्यापारी बागांना गावाने मनाई केली. सभोवती एवढ्या नफ्याचे पीक उभे असताना घेतलेला हा निर्णय आहे. व्यापारी कुटुंबांना त्याची किंमत समजावून सांगावी लागणार नाही.

मेक्सिकोतील प्रत्येक बाग दोषी आहे असा याचा अर्थ नाही. जुन्या शेतजमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या कष्ट करणारे प्रामाणिक बागायतदार पुष्कळ आहेत, आणि खंडणीचा जाच तेही सोसतात. बाग कोणत्या जमिनीवर उभी आहे, तेथे आधी वन होते काय, हे उपग्रहाच्या छायाचित्रांवरून तपासण्याची व्यवस्था अलीकडे मिचोआकानमध्ये सुरू झाली आहे. खरेदीदाराने विचारल्यास उत्तर मिळू शकते, ही मोठी सोय झाली. भारतात येणारा अवोकाडो मुख्यतः टांझानियासारख्या अन्य देशांतून येतो, काही देशी बागांतूनही मिळतो. तो विकत घेणाऱ्या गृहिणीने आणि त्याहून अधिक, तो मागविणाऱ्या पेढीने, भाव आणि प्रत यांबरोबर जमिनीचीही चौकशी करावी. पेढीवर मालाचे मूळ विचारण्याची रीत आपल्याकडे जुनीच आहे. त्यात एका प्रश्नाची भर पडेल.

उरुआपानला दुपार कलताना मोल्काहेते रिकामा होतो. तो दगड साबणाशिवाय, नुसत्या पाण्याने घासून उन्हात ठेवतात. दुसऱ्या दिवशी त्यात पुन्हा मिरची आणि मीठ पडते आणि परसातल्या किंवा बाजारातल्या ताज्या फळाची वाट पाहिली जाते.