मोटी दमणचा नांदता कोट

आमच्या पिढीच्या गोवेकरांना दमण ठाऊक आहे ते नावापुरते. 'गोवा, दमण आणि दीव' शाळेत एका दमात म्हटले, तेवढेच. 30 मे 1987 रोजी गोवा घटक राज्य झाले आणि बाकीची दोघे वेगळी पडली. कायद्यांच्या नावांत मात्र ती अजून आहेत. कचेरीत मुंडकार कायदा काढला की मथळ्यावर भेटतात. राजभाषा कायद्यातही कोकणी-मराठीबरोबर दमण-दीवसाठी गुजरातीची सोय आहे. या जुन्या भावंडाला एकदा पाहावे म्हणून मध्यंतरी दमणला जाऊन आलो.

दमणगंगेच्या उत्तरेला नानी दमण, दक्षिणेला मोटी. पोर्तुगीजांनी 1559 मध्ये दमण घेतले आणि पुढे मोटी दमणभोवती दहा बुरुजांचा दगडी तट बांधला. आत काटकोनात मिळणारे सरळ रस्ते आणि 1603 चे बॉम जेझूचे चर्च. ही सत्ता डिसेंबर 1961 मध्ये संपवली मराठा लाइट इन्फंट्रीच्या पहिल्या पलटणीने. मराठी माणसाला त्याचा अभिमान वाटायचाच.

पण मला नवल वाटले ते आतल्या वर्दळीचे. सचिवालय कोटातच! वेशीतून स्कूटर येतात-जातात, कुणाच्या हातात अर्ज, कुणाच्या काखेत फाइल.

आणि आपले जुने गोवे? तटबंदी त्यालाही होती. साथींनी लोक पांगले, 1759 मध्ये व्हाइसरॉय पणजीला राहायला गेला, 1843 मध्ये राजधानीही रीतसर हलली. शहर ओस पडायला शत्रूची तोफ लागली नाही. सेंट ऑगस्टिनचेच पाहा ना. 1835 मध्ये धर्मसंघ बंद करून पाद्री घालवले आणि 1842 मध्ये चर्चची कमानदार छत कोसळली. अवघ्या सात वर्षांत! जवळच से कॅथेड्रल उभे आहे, तिथे प्रार्थना थांबली नाही.

हल्ली वारसा म्हटला की आपल्याला आधी सुचते ते कचेऱ्या बाहेर काढणे, रंगीत दिवे सोडणे आणि तिकीट लावणे. दमणवाल्यांना कुणी असा सल्ला दिला तर त्यांनी तो ऐकू नये. पाहुणा फोटो काढतो आणि जातो. छप्पर गळते हे पहिल्यांदा कळते ते ज्याचे कागद भिजतात त्याला, आणि दुरुस्तीसाठी वर लिहितोही तोच.