पडद्यावरचे व्हीलर आणि इंद्रावरचा आरोप

१/८
१९५४ साली ब्रिटनमध्ये ‘वर्षातील टेलिव्हिजन व्यक्तिमत्त्व’ हा मान एका पुरातत्त्वज्ञाला मिळाला: सर मॉर्टिमर व्हीलर. हेच व्हीलर १९४४ ते १९४८ या काळात भारतीय पुरातत्त्व खात्याचे महासंचालक होते.

२/८
हा मान त्यांना मिळवून देणारा कार्यक्रम म्हणजे बीबीसीचा ‘अ‍ॅनिमल, व्हेजिटेबल, मिनरल?’ (१९५२–५९). संग्रहालयाने पाठवलेली वस्तू तीन तज्ज्ञांपुढे ठेवली जाई. ती काय, कुठली, केव्हाची हे त्यांनी ओळखायचे. सूत्रसंचालक होते केंब्रिजचे पुरातत्त्वज्ञ ग्लिन डॅनियल. मूळ कल्पना मात्र फिलाडेल्फियातील पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या संग्रहालयाची.

३/८
व्हीलर मिशीला पीळ देत, वस्तू हातात फिरवत, मोठ्याने तर्क करीत. कपाटातून कोणत्या वस्तू हलवल्या आहेत हे ते आधीच पाहून येतात, अशी कुजबुजही होती. तरीही प्रेक्षक त्यांच्यावर लुब्ध होते.

४/८
मला या खेळातील एकच गोष्ट मोलाची वाटते. तज्ज्ञ चुकला, तर खरे उत्तर त्याच बैठकीत, सर्वांसमोर कळे. ग्रंथांत ही सोय नसते.

५/८
याच व्हीलर यांनी १९४६ मध्ये हडप्पा येथे उत्खनन करून तटबंदी उजेडात आणली. ऋग्वेदातील इंद्र ‘पुरंदर’, म्हणजे पुरे फोडणारा. मोहेंजोदडोत पूर्वीच सापडलेल्या सांगाड्यांशी त्यांनी या विशेषणाची सांगड घातली आणि १९४७ मध्ये नगरांच्या विनाशाचा आरोप इंद्रावर, म्हणजेच आर्यांच्या आक्रमणावर ठेवला.

६/८
या आरोपाची सविस्तर उलटतपासणी जॉर्ज डेल्स यांनी १९६४ मध्ये केली. सांगाडे एकाच काळातले नव्हते. बालेकिल्ल्यात एकही मिळाला नव्हता. लढाईची शस्त्रे वा जाळपोळीच्या खुणाही नव्हत्या. हा लेख प्रसिद्ध झाला फिलाडेल्फियातील त्याच संग्रहालयाच्या नियतकालिकात. मधे सतरा वर्षे गेली, आणि तेवढ्यात ती कथा लोकांच्या मनात घट्ट रुजली.

७/८
म्हणून व्हीलर यांना खलनायक ठरवणे मला पटत नाही. मातीचे थर काटेकोरपणे वाचण्याची शिस्त येथील तरुणांना तक्षशिलेच्या प्रशिक्षण शिबिरात त्यांनीच लावली. डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकळिया विद्यार्थिदशेत इंग्लंडमधील मेडन कॅसल येथे त्यांच्याच उत्खननात शिकले होते. आणि व्हीलर यांच्या सिद्धान्ताविरुद्ध साक्ष दिली, ती थरांनीच.

८/८
आज आपणही छोट्या पडद्यावर इतिहास सांगतो. आवाजातील ठामपणा लोकांना आवडतो, हे मला रोज दिसते. त्यामुळे कोणी रुबाबात निष्कर्ष मांडला, की मी आधी एवढेच विचारतो: वस्तू कोणत्या थरात सापडली, आणि हे कोणी तपासले? तुम्हीही विचारा, मलासुद्धा.