मिश्र भाज्यांचे लोणचे आणि बरणीचा विटाळ

मिश्र भाज्यांचे लोणचे थंडीत घातले जाते. बुऱ्हाणपुरात दिवाळी उलटली की बाजारात गाजर, फ्लॉवर, मटार, आले आणि ओली हळद स्वस्त होते आणि मराठी घरांतल्या रिकाम्या बरण्या फळीवरून खाली येतात. कैरीचे लोणचे वर्षाच्या बेगमीचे असते, हे फार तर दीड-दोन महिन्यांचे. एवढ्यासाठी कशाला, म्हणून मीठ आणि तेल हात राखून घातले जाते. बिघाड बहुधा तिथेच सुरू होतो.

रावेरच्या बाजूला महाराष्ट्राची हद्द लागूनच असल्याने तापीकाठच्या या शहरात दोन रिती शेजारी शेजारी दिसतात. हिंदी भाषक घरांत भाजीला वाफ देऊन ती उन्हात घालतात आणि मोहरीचे तेल वापरतात. मराठी रीत कच्च्या भाजीची: १ किलो फोडींना साधारण १०० ग्रॅम मीठ, तेवढीच मोहरीची डाळ, ८ ते १० लिंबांचा रस, तळून कुटलेली मेथी, हळद, तिखट आणि हिंगाची फोडणी. मोहरी ओली करून घोटली की तिच्यातले विकर कामाला लागते आणि नाकात चढणारा झणका तयार होतो. हा झणका बुरशीलाही आवर घालतो. तो कडकडीत फोडणीने उडून जातो, म्हणून फोडणी पार गार करूनच घालायची. लिंबाने सामू ४.६ च्या खाली राहिला की बोट्युलिझमच्या घातक जंतूंना थारा मिळत नाही.

खरी मेहनत भाजी कोरडी करण्यात असते. गाजर फडक्यावर तासाभरात सुकते. फ्लॉवर फसवतो: वरून कोरडा दिसतो, पण तुऱ्यांच्या बेचक्यात पाणी दडून राहते. तुरे सुटे करून, देठ वर ठेवून, रात्रभर पसरले तरच ते निथळते. बरणीला हिंगाची धुरी द्यायची, वर दादरा बांधायचा आणि खार सुटेपर्यंत रोज कोरड्या पळीने वर-खाली करायचे.

एवढे करूनही एखाद्या सकाळी दादरा सोडावा तर फोडींवर पांढरी साय आणि कडेला हिरवट ठिपके. अशा वेळी घरात मीठ किती पडले, फ्लॉवर सुकला होता का, हे कोणी विचारत नाही. बरणीला कोणी हात लावला, एवढेच विचारले जाते. तो हात सुनेचा किंवा वयात आलेल्या मुलीचा असावा आणि तिचे ते चार दिवस असावेत, हे उत्तर आधीच ठरलेले असते. तिने नाही म्हटले तरी तारखा मोजल्या जातात, तेही सर्वांदेखत. भाजी निवडणारी, चिरणारी, मोहरी घोटताना डोळे पुसणारी तीच. लोणचे साधले तर सासूबाईंच्या हाताची चव, नासले तर हिचा विटाळ. पाळीच्या हाताने लोणचे नासते याला शास्त्रात कसलाही आधार नाही. बुरशीला ओल आणि हवा लागते, आणि कमी मीठ तिच्या पथ्यावर पडते. २०१४ साली सॅनिटरी पॅडच्या ‘टच द पिकल’ या जाहिरातीने याच समजुतीला हात घातला आणि २०१५ मध्ये कानच्या जाहिरात महोत्सवात तिला ग्लास लायन विभागाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. पारितोषिक कानमध्ये मिळाले. स्वयंपाकघरातली चौकशी अजून कुठे कुठे चालूच आहे.

गंमत अशी की या जाचक नियमाचे एक टोक बरोबर आहे. बरणीत जितके हात कमी तितके बरे, कारण प्रत्येक हात आपल्याबरोबर थोडी ओल नेतो. पण हा नियम पाळायचा तर तो घरातल्या सगळ्यांना लावावा. जेवता जेवता उष्टा चमचा बरणीत बुडवणाऱ्या कर्त्या पुरुषाच्या तारखा कोणी मोजत नाही. काही म्हाताऱ्या म्हणतात की त्या चार दिवसांत निदान बरण्यांच्या कामातून सुटका व्हायची. हेही खोटे नाही. मात्र ती सुटका मागून मिळत नसे.

बुरशी धरलेले लोणचे वरचा थर काढून वापरू नये. तिचे तंतू डोळ्यांना दिसतात त्यापेक्षा खोल गेलेले असतात, म्हणून सगळेच टाकावे. चांगले लोणचे खारात बुडालेले राहील असे दाबून ठेवावे आणि वर तेलाचा अर्धा सेंटिमीटर थर असावा. महाशिवरात्रीनंतर इथले ऊन चढू लागते, तेव्हा बरणी फ्रीजमध्ये हलवावी. फोडी संपून खार उरला तर त्यात चिरलेल्या हिरव्या मिरच्या घालता येतात. मात्र त्या धुऊन पुसलेल्या हव्यात आणि वरून चमचाभर मीठ व एका लिंबाचा रस पडायला हवा, कारण पहिल्या फोडींच्या पाण्याने तो खार आधीच पातळ झालेला असतो.