चकली आणि चकती

"आजोबा, गेम चढतच नाही!" नरकचतुर्दशीच्या सकाळीच नातवाचे गाऱ्हाणे. खाऊचे पैसे साठवून घेतलेली चकती! यंत्र ती गिळी, घुरघुरे आणि ४० टक्क्यांवर हटून बसे. आत जागा भरपूर होती. दुसरी चकती मुकाट्याने चढली.

"काल तुम्हीच पुसलीत ना ही?"

पुसली होती खरी! चिवड्याच्या तेलकट हातांनी, सदऱ्याच्या टोकाने, चष्म्यासारखी गोल गोल. ब्लू-रे चकतीतली माहिती पृष्ठभागाखाली जेमतेम ०.१ मिलिमीटरवर, चकलीसारख्या वळत गेलेल्या ओळीत असते. गोल फराटा ती ओळ लांबवर झाकून टाकतो. आडव्यातून यंत्र वाट काढते.

मऊ कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ पुसली. आकडा पुन्हा ४० वर थबकला. नातू पडद्याकडे नव्हे, माझ्याकडे पाहत होता.

एक्केचाळीस!