चौदा वर्षांचा चित्रपट

11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधार्थ जमलेल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. 10 जण मृत्युमुखी पडले. त्या दुःखात चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. त्यांचे गाणे आनंद पटवर्धन यांनी 1985 च्या ‘हमारा शहर’मध्ये घेतले होते. पटवर्धनांनी कॅमेरा उचलला. ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला मात्र 2011 साल उजाडले.

चौदा वर्षे! मागे निर्माता असता तर इतका धीर त्याने धरला नसता. स्वतंत्र राहण्याची ही सवय त्यांची जुनीच. 1974 च्या बिहार आंदोलनावरील पहिल्या माहितीपटासाठी त्यांनी साध्या सुपर एटवरचे चित्रण पडद्यावर दाखवून ते 16 मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपले. आज याला प्रयोग म्हणतील. तेव्हा ती निकड होती.

आईवडील ऊसतोडीला गेले की आम्ही नारायणगड परिसरातील मुले वसतिगृहात राहत असू. वस्तीवर भीमगीते गाणाऱ्या आयाबायांचे आवाज कुणीच जपले नाहीत. हा चित्रपट पाहताना मला त्याच आठवल्या. त्यांतल्या दोघी अद्याप गातात. माझ्या मोबाइलवर त्यांची सात गाणी झाली आहेत.