भरक्याच्या काठावरचं गाव

ग्वाल्हेरच्या लष्कर भागात आमच्याकडे दूध घालणाऱ्या दद्दांचं गाव मुरैना जिल्ह्यात, अंबाहच्या पुढे चंबळच्या अंगाला आहे. पावसाळा सरल्यावर त्यांच्याबरोबर तिथे गेलो. आम्हा ग्वाल्हेरकर मराठी माणसांना बीहड, म्हणजे चंबळकाठची घळींची जमीन, म्हटलं की बंदुकाच आठवतात. 1972 साली जौऱ्याला जयप्रकाश नारायणांपुढे बागींनी, म्हणजे डाकूंनी, शस्त्रं ठेवली, हे घरोघरी माहीत असतं. त्याच बीहडाच्या कडेला बाजरी आणि मोहरी पिकवून जगणाऱ्यांची मात्र कधी चौकशी होत नाही.

दद्दांच्या शेतात मेंडीजवळ, म्हणजे बांधाजवळ, हातभर रुंद भोक पडलं होतं. वाकून पाहिलं, तर तळ दिसेना. पावसाचं पाणी भेगेतून आत शिरतं, गाळाची मऊ माती खालून पोखरत नदीकडे निघून जातं आणि एखाद्या रात्री वरचं शेत खचतं. नदीचं पात्र खूप खोल, त्यामुळे एकदा वाट मिळालेलं पाणी थांबत नाही. पुढे एक अर्धंच घर उभं होतं. धुराने काळवंडलेली चुलीमागची भिंत, तिच्यात दिव्याची देवळी. अंगणाच्या जागी सरळ भरका, म्हणजे माती खचून झालेली खोल घळ.

पूर्वी जेठ महिन्यात घरटी एक माणूस मेंडीवर माती घालायला यायचा, असं दद्दा सांगत होते. आता पोरं फौजेत, नाहीतर सुरतेच्या कारखान्यांत. मेंड फुटली तर बांधायला हात नाहीत, आणि शेत गेलं की आणखी एक घर उठतं. दद्दाही असेच उठून ग्वाल्हेरला आले. बीहड माणसांना हाकलतो हे खरं, पण माणसं गेल्यामुळेच तो वेगाने पुढे सरकतो, हे मला तिथे उभं राहिल्यावर कळलं.

उपाय झालेच नाहीत असं नाही. 1980च्या दशकात विमानातून विलायती बाभळीचं बी टाकलं. तिचं रान माजलं, पण शेत काही परत आलं नाही. बुलडोझर लावून भरके सपाटही केले जातात. ती माती सैल असते, बांध नसला तर पुन्हा वाहून जाते.

महाराष्ट्रात 1972च्या दुष्काळात सरकारी मजुरीवर गावोगाव बांधबंदिस्तीची कामं निघाली. चंबळच्या काठालाही आधी तेच हवं: जेठात मेंडीच्या कामाची मजुरी, दर वर्षी, न चुकता. यंत्रं नंतर आली तरी चालतील.