उड्या नातवंडांच्या, तोल आपला

उन्हाळ्याची सुट्टी लागली की वर्धा जिल्ह्यातील घराघरांत एक गोड पेच उभा राहतो. नातवंडे पुण्या-मुंबईहून आलेली असतात आणि बाहेर पारा ४५ अंशांकडे झेपावत असतो. सकाळी दहानंतर अंगणात पाऊल टाकवत नाही. दारे-खिडक्या लोटून, कूलरच्या घरघरीत दिवस काढावा लागतो. यावर घरातील तरुण मंडळींना हल्ली एक उत्तर सापडले आहे : नागपूरच्या एखाद्या मॉलमधील बंदिस्त साहसी खेळांचे उद्यान. ट्रॅम्पोलिन, चेंडूंचा हौद, फोमचा खड्डा, चढाईची कृत्रिम भिंत, असे सारे एका थंडगार छपराखाली. गाडी ठरते, निघण्याची वेळ ठरते, आणि मग आजी हळूच म्हणतात, "तुम्ही जा रे बाळांनो, मी घर राखते."

हे वाक्य घरातील कोणी फारसे मनावर घेत नाही. 'आईंना गर्दी आवडत नाही' असे म्हणून सून बिचारी डबा झाकून ठेवते आणि मंडळी निघतात. परंतु दवाखान्यात हेच वाक्य मी वेगळ्या रूपात ऐकत असतो. 'घर राखते' याचा अर्थ कधी 'वाटेत लघवीला लागली तर कोणाला सांगू?' असा असतो, कधी 'गुडघ्यांमुळे तुमचा खोळंबा होईल' असा, तर कधी 'त्या गोंगाटात मला काहीच ऐकू येत नाही' असा. या तिन्ही अडचणींवर उपाय आहेत. विचारणाराच नसेल, तर मात्र आज मॉल, उद्या लग्न, परवा देवदर्शन असे एकेक दार मिटत जाते आणि माणूस खुर्ची व खाट यांच्या दरम्यान उरतो. न वापरलेले स्नायू झडतात आणि न वापरलेली नातीही विरळ होतात. म्हणून अशी सहल ही चैन समजू नये. वृद्धांच्या प्रकृतीशी तिचा थेट संबंध आहे.

निघण्यापूर्वी आणि वाटेत

वर्ध्याहून नागपूर सुमारे ७५ किलोमीटर. पवनार, सेलू, केळझर, बुटीबोरी ही गावे मागे टाकत दीड-दोन तासांत आपण पोहोचतो. या वाटेवर ज्येष्ठांकडून हमखास होणारी गोष्ट म्हणजे पाणी न पिणे. लघवीची धास्ती म्हणून सकाळचा चहादेखील काही जण टाळतात. वयोमानाने तहानेची जाणीव आधीच बोथट झालेली असते. त्यात विदर्भाचे ऊन. परिणामी गाडीतून उतरून उभे राहताच रक्तदाब घसरतो, डोळ्यांपुढे अंधारी येते आणि वाहनतळावरच तोल जातो. तेव्हा पाणी थोडे थोडे, पण नियमित प्यावे. गाडी दर तासाला थांबवावी आणि 'लागली असेल तर सांगा' असे म्हणत न बसता सर्वांनीच उतरावे. म्हणजे एकट्या वृद्धाला संकोच वाटत नाही. लघवी वाढवणारी रक्तदाबाची गोळी चालू असल्यास ती प्रवासाच्या दिवशी केव्हा घ्यावी हे आपल्या डॉक्टरांना आधीच विचारावे. मनाने बंद करू नये. हृदयाच्या किंवा मूत्रपिंडाच्या विकारामुळे पाण्याचे प्रमाण बांधून दिलेले असेल, तर तीच मर्यादा पाळावी.

मधुमेहींनी जेवणाची वेळ सांभाळावी. मुले खेळात रमली की दुपारचे जेवण एकाचे तीनवर जाते. सकाळी इन्सुलिन किंवा साखर उतरवणारी गोळी घेतलेल्या आजोबांना तोवर दरदरून घाम, हातांना कंप, बोलण्यात गोंधळ अशी लक्षणे दिसू लागतात. अशा वेळी तीन चमचे साखर किंवा ग्लुकोज पाण्यातून द्यावे, पंधरा मिनिटांत बरे न वाटल्यास पुन्हा द्यावे आणि लगेच जेऊ घालावे. शुद्ध हरपत असेल तर तोंडाने काहीही न देता रुग्णालय गाठावे. पोळी-भाजीचा छोटा डबा पिशवीत असला, तर बहुधा ही वेळच येत नाही.

प्रवासात एक मौजही आहे. केळझर म्हणजे महाभारतातील एकचक्रानगरी आणि भीमाने बकासुराला मारले ते इथेच, असे या भागातील लोक मानतात. बकासुराची गोष्ट सांगणारे आजोबा गाडीत असतील, तर सेलू ते बुटीबोरी हे अंतर मुलांना मोबाइलविना पार करता येते.

त्या छपराखाली

आत पाऊल ठेवताच गारवा जाणवतो. चाळीस-पंचेचाळीस अंशांतून एकदम वातानुकूलित दालनात आल्यावर लगेच चालू-फिरू नये. घाम पुसून दहा मिनिटे बसावे, अंगावर पातळ शाल घ्यावी. दम्याच्या रुग्णांनी श्वासाचा पंप गाडीत न ठेवता खिशात ठेवावा. मुंबईसारख्या शहरांत कृत्रिम बर्फाची बंदिस्त उद्यानेही आहेत. तेथील तापमान शून्याच्याही खाली असते आणि थंड हवेने हृदयाच्या रक्तवाहिन्या आकुंचन पावतात. चालताना छातीत दुखणाऱ्यांनी अशा ठिकाणी आत जाण्याचा मोह टाळलेलाच बरा.

दारावर एक संमतीपत्र भरून घेतात. घाईघाईत मुलगा सर्वांच्या वतीने सही करतो. थांबा, ते वाचा. हृदयविकार, पाठीच्या मणक्याचा त्रास, नुकतीच झालेली शस्त्रक्रिया यांचा उल्लेख त्यात सहसा असतो. आजीच्या डोळ्याचे मोतीबिंदूचे ऑपरेशन कधी झाले, हे त्या टेबलापाशी आठवण्यापेक्षा घरीच विचारून घ्यावे. मग घसरू नये म्हणून तळाला रबराचे ठिपके असलेले मोजे मिळतात. खेळणार नसलात तरी आत फिरणार असाल, तर आपणही ते मागून घ्या.

आतील जमीन फसवी असते. कोठे मऊ गादी, कोठे कठीण फरशी, आणि दोहोंच्या सीमेवर बोटभर उंचवटा. रंगीत, मंद प्रकाशात तो दिसत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार पासष्टी ओलांडलेल्यांपैकी सुमारे एकतृतीयांश लोक दरवर्षी एकदा तरी पडतात. दोन पृष्ठभाग मिळतात त्या जागी नातवाचा हात धरावा. त्यात कमीपणा नाही. श्रवणयंत्र वापरणाऱ्यांनी गोंगाटात त्याचा आवाज थोडा कमी करून कोपऱ्यातील बाक निवडावा. डोळ्यांवर यंत्र चढवून खेळायचे आभासी खेळ चक्कर येणाऱ्यांनी टाळावेत.

उडी कोणी मारावी

ट्रॅम्पोलिनची कथा रंजक आहे. सर्कशीतील झोक्यावरचे कसरतपटू खेळ संपवताना खालच्या जाळीत पडून पुन्हा उसळतात. ते दृश्य अमेरिकेतील जॉर्ज निसेन या जिम्नॅस्टच्या मनात घर करून राहिले, आणि १९३० च्या दशकात त्याने लॅरी ग्रिसवोल्ड या आपल्या प्रशिक्षकाच्या साहाय्याने आयोवा राज्यात आजच्यासारखे ट्रॅम्पोलिन घडवले. सन २००० च्या सिडनी ऑलिंपिकपासून हा खेळ ऑलिंपिकमध्ये आहे.

"आबा, तुम्ही पण या ना!" असे नातू ओरडतो, तेव्हा आजोबांचे मन उसळते. साठीपुढील बहुतेकांनी, विशेषतः हाडे ठिसूळ झालेल्यांनी, ही उडी मारू नये. ठिसूळ मणका पडल्यानेच मोडतो असे नाही. उसळीचा एक झटकाही पुरतो. मात्र एक धोका याहून कमी लोकांना ठाऊक असतो. आजोबा नातवाचे दोन्ही हात धरून एकाच जाळीवर उडी मारतात. जड माणूस खाली आला की जाळीत साठलेली सारी शक्ती हलक्या देहाला वर फेकते, आणि उतरताना त्या इवल्या पायावर झेपणार नाही एवढा भार येतो. लहान मुलांच्या गुडघ्याखालच्या हाडाला अशाने तडा जातो. अमेरिकन बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०१२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निवेदनानुसार ट्रॅम्पोलिनवरील सुमारे तीनचतुर्थांश दुखापती एकाच वेळी अनेक जण उड्या मारत असताना होतात, आणि सहा वर्षांखालील मुलांना जोखीम अधिक असते. म्हणजे 'मी धरतो त्याला, भीती नाही' हा आपला प्रेमळ विश्वासच येथे उलटा पडतो.

म्हणूनच आजोबांसाठी येथे एक खरे काम आहे. चपला आणि पर्सा सांभाळत बसणे म्हणजे सहभाग नव्हे. 'एका जाळीवर एकच मूल' हा नियम घरातील मुलांकडून पाळून घेण्याचे काम त्यांच्याकडे सोपवा. आई-बाप फोटो काढण्यात गुंतलेले असतात; निवांत, चौकस नजर आजोबांचीच असते. चेंडू टोलवण्याच्या टेबलावर, कॅरमवर किंवा नेमबाजीच्या खेळात तेही नातवासमोर उभे राहू शकतात.

पडलेच तर? उभे राहता येत नसेल, मांडीच्या सांध्यात दुखत असेल किंवा एक पाय आखूड दिसत असेल, तर ओढून उठवू नये, चोळू नये. आहे तसे स्थिर ठेवून रुग्णवाहिका बोलवावी. रक्त पातळ करणारी गोळी घेणाऱ्यांच्या डोक्याला मार लागला, तर ते वरवर ठीक दिसत असले तरी त्याच दिवशी तपासणी करून घ्यावी. पुढील काही आठवड्यांत सुस्ती, वाढती डोकेदुखी किंवा वागण्यातील बदल दिसल्यास त्या पडण्याची आठवण डॉक्टरांना आवर्जून द्यावी.

दहा सेकंदांची परीक्षा

उडी मारू नये म्हणजे हलूच नये, असे नव्हे. ब्राझीलमधील एका अभ्यासात ५१ ते ७५ वयाच्या १,७०२ जणांना एका पायावर दहा सेकंद उभे राहण्यास सांगितले होते. सुमारे पाचांतील एकाला ते जमले नाही, आणि पुढील सुमारे सात वर्षांत या गटातील मृत्यूंचे प्रमाण अधिक आढळले. हा अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. दहा सेकंद उभे राहिल्याने आयुष्य वाढते, असा याचा अर्थ नाही. तोल हा स्नायू, नसा, डोळे, कान आणि मेंदू या सर्वांच्या प्रकृतीचा आरसा आहे, एवढेच त्यातून समजते.

समाधानाची बाब ही की तोल सरावाने सुधारतो. स्वयंपाकघरातील ओट्याला हात लावून, शेजारी कोणी असताना, रोज दोन्ही पायांवर आळीपाळीने उभे राहावे. खुर्चीवरून हातांचा आधार न घेता पाच ते दहा वेळा उठावे. सरळ रेषेत टाचेला चवडा लावून दहा पावले चालावे. सुट्टीला महिनाभर अवकाश असतानाच हे सुरू केले, तर मे महिन्यात मॉलच्या सरकत्या जिन्यापाशी पाय अडणार नाहीत. वारंवार चक्कर येत असेल, किंवा गेल्या वर्षभरात दोनदा पडला असाल, तर आधी डॉक्टरांना दाखवावे.

परतीच्या वाटेवर

शक्य असेल तर परतताना, ऊन उतरल्यावर, पवनारला धाम नदीकाठी गाडी थांबवा. १९३८ मध्ये विनोबा प्रकृती सुधारण्यासाठी येथे राहायला आले. आश्रमाच्या आवारात जमीन खणताना सापडलेल्या प्राचीन मूर्ती आजही तेथे पाहायला मिळतात. चेंडूंच्या हौदात हात घालून बसलेल्या मुलांना जमिनीतून निघालेली ही नवलाई आवडते. दुसऱ्या दिवशी सकाळी लवकर सेवाग्रामला जा. गांधीजी ३० एप्रिल १९३६ रोजी शेगाव नावाच्या या खेड्यात राहायला आले तेव्हा त्यांचे वय ६६ होते. ज्या वयात आपल्याकडे 'आता कुठे जायचे' असे म्हणतात, त्या वयात त्यांनी एका खेड्यात नवा संसार मांडला आणि सकाळ-संध्याकाळचे फिरणे सोडले नाही. बापू कुटीतील मातीच्या भिंती, जमिनीवरील बैठक आणि साप पकडून दूर सोडण्याची साधने पाहून मुले प्रश्नांची सरबत्ती करतात. उत्तरे आजी-आजोबांकडे असतात. मॉलमध्ये नातू वाट दाखवतो, येथे आजी दाखवते. दोन दिवसांत दोघांनाही एकमेकांची गरज पटते.

काळजीवाहू सुना-मुलांना एक विनंती. सहल ठरवताना 'आई, येणार का?' असे विचारू नका; त्या प्रश्नाचे उत्तर बहुधा 'नको'च येते. 'आई, वाटेत कुठे थांबलेले तुम्हाला सोयीचे पडेल?' असे विचारा. आणि ज्येष्ठ वाचकहो, आपणही खरी अडचण मोकळेपणाने सांगा. लघवीची घाई, दुखरा गुडघा, मंद झालेले कान यांत लाजण्यासारखे काहीच नाही. त्यांवर औषध आहे, काठी आहे, यंत्र आहे. न सांगितलेल्या अडचणीवर मात्र कोणत्याही डॉक्टरकडे उपाय नसतो.